धक्क्यावरची पांढरी जागा

एव्हरार्ड पास्कला जन्मभर एकच खोड होती, ती म्हणजे चौकशी. लहानपणी शेजारणीच्या बागेतल्या कुंपणाला एक फळी जुनी आणि बाकीच्या नव्या का, हे विचारून त्याने शेजारीण आणि तिचा दीर यांच्यातलं जुनं भांडण पुन्हा उकरून काढलं होतं. पुढे हीच खोड त्याच्या पोटापाण्याची झाली. मठांवर, पुलांवर, गिरणीवाल्यांच्या थडग्यांवर, विस्मृतीत गेलेल्या चित्रकारांवर तो माहितीपट काढत राहिला. लोक रविवारच्या जेवणानंतर ते बघायचे, निम्मे बघता बघता पेंगायचे, आणि उरलेले निम्मे दुसऱ्या दिवशी तो पूल बघायला जायचे. एव्हरार्डला दोन्ही चालायचं.

आता तो निवृत्त व्हायला आला होता, आणि शेवटचा माहितीपट त्याने हट्टाने मागून घेतला होता. तो होता एका भोकावर.

भोक म्हणजे चित्रातलं. यॉर्कशरच्या किनाऱ्यावर स्कार्थविक नावाचं मासेमारीचं गाव आहे. तिथे ऑसवल्ड पेनरी नावाचा चित्रकार दुसऱ्या महायुद्धाच्या आधी काही महिने राहिला होता, आणि त्याने तिथला बंदराचा धक्का रंगवला. प्रचंड मोठं चित्र. हेरिंग माशांची पिंपं, मिठाचे ढीग, दोऱ्या, समुद्रपक्षी, सगळं काही जिथल्या तिथे. आणि मधोमध, बरोब्बर जिथे नजर जाते तिथे, माणसाएवढी पांढरी जागा. कोरा कॅनव्हास. त्याच्यावर थोडे ओरखडे, बाकी काही नाही.

पेनरीने त्याबद्दल मरेपर्यंत अवाक्षर काढलं नाही. मग काय, विद्वानांना रान मोकळं मिळालं. एक म्हणाला, ही येणाऱ्या युद्धाची चाहूल. दुसरा म्हणाला, हा देव. तिसऱ्याने नुसत्या ओरखड्यांवर जाडजूड प्रबंध लिहिला आणि त्यात कलावंताच्या जिवाची तगमग सिद्ध केली. स्कार्थविकच्या लोकांनी तेवढा त्रास घेतला नाही. त्यांनी त्या चित्राची पोस्टकार्डं छापली आणि 'भोकवालं चित्र' म्हणून विकायला ठेवली. गावाला त्या भोकाचा अभिमान होता.

एव्हरार्डने हे चित्र पहिल्यांदा पाहिलं तेव्हा तो दुसऱ्या कुणाच्या तरी माहितीपटावर दिवे धरायचं काम करत होता. दिवा धरून उभा राहिला आणि बघतच राहिला. इथे कोण उभं होतं? एवढाच प्रश्न. तो त्याच्या मानगुटीवर जो बसला तो उतरलाच नाही. बायको थट्टेने म्हणायची, "माझ्याकडे कधी इतकं टक लावून पाहिलं नाहीस." तो म्हणायचा, "तू पूर्ण आहेस ना, म्हणून." यावर ती खूश व्हायची की चिडायची, हे तिचं तिलाही कधी कळलं नाही.

वाहिनीच्या वरच्या मजल्यावरची बाई मात्र असल्या बोलण्याने विरघळणारी नव्हती. तिने स्पष्टच सांगितलं, "उत्तर मिळालं तर रविवारची मोठी वेळ. नाही मिळालं तर एव्हरार्ड, तुझं भोक दुपारी दाखवू, बागकामाच्या कार्यक्रमाच्या आधी." शेवटचा माहितीपट, आणि तो बागकामाच्या आधी. एव्हरार्डला हे फार लागलं.

आशेला एकच जागा उरली होती. मिसेस विनिफ्रेड स्टॉर. पेनरी स्कार्थविकमध्ये ज्या घराच्या वरच्या खोलीत भाड्याने राहायचा, त्या घरमालकिणीची, मिसेस कॅसची, ही मुलगी. तेव्हा सोळा वर्षांची होती, आता ऐंशीच्या उंबऱ्यावर. नवरा सिरिल, कापडाच्या दुकानातला, जाऊन बरीच वर्षं झाली होती. या बाईने आजवर एकाही संशोधकाला दारात उभं केलं नव्हतं. एव्हरार्डला मात्र हो म्हणाली. का, तर तिच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं होतं, घरात बसून कंटाळली होती आणि टीव्हीवर स्नूकरचा मोसम संपला होता. तिनेच तसं सांगितलं.

एव्हरार्ड आपली दोन माणसं घेऊन पोचला. कॅमेऱ्यावर डगल, जाडजूड, स्कॉटलंडचा, सदा भुकेला. आवाजाचं काम प्रू बघायची, ती कमी बोलायची आणि कान फार तीक्ष्ण. तिघं मिळून इतकी वर्षं फिरले होते की एकमेकांच्या घोरण्याचे आवाज ओळखायचे.

मिसेस स्टॉरने चहा केला. आल्याचा काळसर केक कापला. डगलने तीन तुकडे खाल्ले आणि मग कॅमेरा लावला. प्रूने बाईंच्या कॉलरला छोटा माइक अडकवला.

"मिसेस स्टॉर," एव्हरार्ड म्हणाला, "एकच विनंती. माझा आवाज आम्ही नंतर काढून टाकतो. तेव्हा उत्तर देताना माझा प्रश्न उत्तरात घ्या. मी विचारलं, पेनरी कसा होता, तर नुसतं 'बरा' म्हणायचं नाही. 'पेनरी बरा होता' असं म्हणायचं."

"म्हणजे तुमचंही मीच बोलायचं?"

"तसंच समजा."

"बरं आहे तुमचं," बाई म्हणाल्या.

आणि मग जे झालं त्याला मुलाखत म्हणणं म्हणजे शेवयांना दोरखंड म्हणण्यासारखं आहे. पेनरी कसा होता? पेनरी बरा होता. तो काय खायचा? तो जे मिळेल ते खायचा. चित्र रंगवताना तुम्ही पाहिलं? चित्र रंगवताना मी पाहिलं नाही, मला कामं होती. त्या पांढऱ्या जागेत कोण होतं? त्या पांढऱ्या जागेत कोण होतं ते मला काय ठाऊक, मी काय बंदराची पहारेकरीण होते? प्रश्न मात्र प्रत्येक वेळी उत्तरात घेत होत्या. त्या बाबतीत बोट ठेवायला जागा नव्हती.

एव्हरार्डने विषय बदलून पाहिला, गप्प बसून पाहिलं, चुकीचं काहीतरी बोलून त्या सुधारतात का ते पाहिलं. ह्या सगळ्या त्याच्या जुन्या युक्त्या होत्या आणि गिरणीवाल्यांचे नातूसुद्धा त्यांना बळी पडले होते. मिसेस स्टॉर बधल्या नाहीत. शेवटी डगलने घड्याळाकडे बघून घसा खाकरला.

"ठीक," एव्हरार्ड म्हणाला. त्याचा चेहरा पार उतरला होता. "झालं. आता फक्त नंदीबैल."

नंदीबैल हा डगलचा शब्द. कॅमेरा एकच असतो, तो सगळा वेळ बोलणाऱ्यावर असतो. मग मुलाखत संपली की तो उलटा फिरवायचा, विचारणाऱ्यावर लावायचा, आणि विचारणाऱ्याने समोर बघून उगाच माना डोलवायच्या. मोठा रस वाटतोय असा चेहरा करायचा. नंतर जिथे जोड दिसतो तिथे ही मान चिकटवली की प्रेक्षकाला काही कळत नाही. एव्हरार्डने आयुष्यात हजारो माना डोलवल्या होत्या आणि त्यातली एकही खरी नव्हती, कारण त्या वेळी समोरचा माणूस गप्प असतो, नाहीतर बाथरूमला गेलेला असतो.

प्रूने बाईंच्या कॉलरचा माइक काढला आणि वायर गुंडाळायला घेतली. डगलने कॅमेरा फिरवला. "तुम्ही जरा तिथेच बसा हं," तो म्हणाला. "ह्याची नजर नीट लागायला पाहिजे. बोलायची गरज नाही."

एव्हरार्ड मान डोलवू लागला. गंभीरपणे एकदा. मग भुवया उंचावून. मग 'अस्सं का' अशी.

मिसेस स्टॉर बघत राहिल्या. त्यांना हसू फुटलं.

"हे काय चाललंय?"

"मी तुमचं ऐकतोय," एव्हरार्ड मान डोलवत म्हणाला.

"मी तर काही बोलत नाहीये."

"तरी ऐकतोय."

"सगळे असंच करतात? त्या बातम्यांमधले पण?"

"सगळे."

"बाई गं," मिसेस स्टॉर म्हणाल्या. त्यांना ह्या लबाडीची भलतीच गंमत वाटली. गुडघा सांभाळत त्या पुढे सरकल्या. "आणि हे यंत्र आता तुझ्याकडे बघतंय? माझ्याकडे नाही?"

तुम्हीचं तू झालं होतं, ते एव्हरार्डच्या ध्यानातही आलं नाही. "माझ्याकडे," तो म्हणाला आणि पुन्हा एक मान डोलवली.

"मग डोलव. ती मीच होते."

मान खाली गेली ती तिथेच थांबली.

"मी मासे चिरायच्या कामाला होते रे धक्क्यावर. बोटांना चिंध्या बांधून, दिवसभर, कोपरापर्यंत घाण. पेनरीने मला तशीच रंगवली. पण सिरिलशी तेव्हा नुकतं जमलं होतं आणि त्याला मी सांगितलं होतं की मी मासळी कंपनीच्या हापिसात लिहायचं काम करते. आणि चित्र लागणार होतं नगरमंडळाच्या दालनात, कापडवाल्यांचं सगळं खानदान तिथे येणार. मग पेनरी दारू प्यायला गेला असताना मी वर गेले आणि माझ्याच सुरीने मला खरवडून काढलं. रंग ओला होता, लगेच निघाला. सकाळी तो नाश्त्याला खाली आला. अंडं खाल्लं. माझ्या हातांकडे बघितलं, नखांत रंग होता. आईला म्हणाला, आज गारठा आहे नाही? बस. परत कधी ती जागा भरली नाही त्याने, आणि मला काही बोललाही नाही."

मग हळूच म्हणाल्या, "आधी त्या कामाची लाज वाटायची. नंतर लाज वाटली होती याचीच लाज वाटायला लागली. ती काही जात नाही बघ."

अशा वेळी शहाण्या माणसाने काय करावं? गप्प बसावं. फार तर चहा मागावा. पण एव्हरार्डच्या अंगात त्याचा धंदा मुरलेला होता आणि धंदा तोंडातून बाहेर पडला.

"सुंदर," तो म्हणाला. "फार सुंदर. डगल, कॅमेरा फिरव. मिसेस स्टॉर, हेच आता एकदा पुन्हा सांगा, आणि माझा प्रश्न उत्तरात घेऊन."

बाईंचा चेहरा मिटला. तो मिटताना तिघांनीही पाहिला.

"काय पुन्हा?" त्या म्हणाल्या.

"आत्ता जे सांगितलंत ते."

"मी कुठे काय सांगितलं? तुम्ही डोलत होतात, मी बसले होते." आणि काठी टेकून उठल्या. "केकचा उरलेला तुकडा घेऊन जा. ह्या जाड्याला लागेल."

गाडीत डगल म्हणाला, "एव्हरार्ड, तुला एक सांगू? तू गाढव आहेस."

"मला माहितीये."

"नाही, तुला पूर्ण माहीत नाही, म्हणून सांगतो. माणूस जन्मभराचं ओझं तुझ्यासमोर उतरवतो आणि तू त्याला म्हणतोस, परत डोक्यावर घे, मला उतरवताना नीट दिसलं नाही."

खरं सांगायचं तर एव्हरार्डच्या आत दोन गोष्टी एकदम चालल्या होत्या. एक शरम. आणि दुसरा आनंद, नुसता निखळ आनंद, की कोण उभं होतं ते कळलं. कुणी न विचारताही त्याला गाडीची काच खाली करून रस्त्यावरच्या मेंढ्यांना ते सांगावंसं वाटत होतं.

लंडनला आल्यावर संकलनाच्या खोलीत त्यांनी ती टेप लावली. पडद्यावर एव्हरार्ड माना डोलवत होता, आणि बघवत नव्हतं. मग एकाएकी मान थांबली. प्रू कानांवर हेडफोन लावून बसली होती. तिने हात वर केला.

"कॅमेऱ्याच्या स्वतःच्या माइकने थोडं पकडलंय," ती म्हणाली. "लांबून येतंय, पण साफ करता येईल. शब्द न् शब्द लागेल."

एव्हरार्ड खुर्चीतून अर्धा उठला. रविवारची मोठी वेळ समोर येऊन उभी राहिली होती. एवढे विद्वान, एवढे प्रबंध, आणि उत्तर ह्या टेपवर.

"करू?" प्रूने विचारलं.

तो पडद्याकडे बघत उभा राहिला. परत बसला. परत उठला. "त्यांनी नको म्हटलं नव्हतं," तो म्हणाला.

"'हो'सुद्धा म्हटलं नव्हतं," प्रू म्हणाली. कामापलीकडचं वाक्य ती आठवड्यातून एकदाच बोलायची. त्यामुळे ते ऐकावं लागलं.

शेवटी तिने आवाज साफ केला, पण चित्राला जोडला नाही. एव्हरार्डने त्या प्रसंगाची मुकी टेप बनवून घेतली, वरच्या मजल्यावरच्या बाईला 'सोमवारी सांगतो' म्हणाला, आणि एकटाच आगगाडीने उत्तरेला निघाला. त्या नाही म्हणाल्या तर सगळं संपलं, हे त्याला पक्कं माहीत होतं. वाटेत त्याने त्यांना काय काय सांगून पटवायचं याची मनात उजळणी केली. इतिहासाचं ऋण, सत्याची बूज वगैरे. डार्लिंग्टन येईपर्यंत त्याला स्वतःलाच ते सगळं ऐकून कंटाळा आला.

मिसेस स्टॉरनी दार उघडलं. "माझ्यामागे लागायला आलास?"

"हो," तो म्हणाला. "आणि माफी मागायला. त्या दिवशी पुन्हा सांगा म्हणालो, ते फार वाईट झालं."

"झालं खरं. ये आत, वारा येतोय."

त्याने सगळं सांगून टाकलं. आवाज टेपवर आला आहे, तो वापरता येईल, पण तुम्ही नाही म्हणालात तर तो पुसून टाकीन. ऋण आणि सत्य यातलं काही बोलला नाही. फक्त म्हणाला, "मला वाटलं, आधी तुम्ही बघावं. ह्यात तुम्ही दिसत नाही. मीच दिसतो."

त्यांच्या व्हिडिओवर त्याने टेप लावली. पडद्यावर एव्हरार्ड मुकाट माना डोलवू लागला. मिसेस स्टॉर आधी खुदकन हसल्या. "मेल्या, काय दिसतोयस." मग पडद्यावरची मान थांबली आणि त्याही थांबल्या.

पुढचं सगळं त्यांनी पुढे वाकून पाहिलं. आवाज नव्हता, पण आपण कुठे काय म्हणालो ते त्यांना कळत होतं. ओठ थोडे हलत होते. इथे चिंध्या. इथे सुरी. इथे अंडं. आणि समोर एक उतारवयातला माणूस, तोंड किंचित उघडं, पापणी लवत नाही.

टेप संपली. पडद्यावर खरखर सुरू झाली. ती बंद करायला कुणी उठलं नाही.

"हे कुठल्या वाक्याला थांबलास?"

"ती मीच होते, म्हणालात तेव्हा."

"आणि मग शेवटपर्यंत हाच चेहरा?"

"मला वाटतं, हो."

त्या पडद्याकडेच बघत होत्या. "सिरिलला सांगितलं नाही. मुलींना नाही. जे कुणी दारात यायचे त्यांना हाकलून दिलं. मला वाटायचं, ज्याला सांगेन तो नाक मुरडेल. नाहीतर हसेल. तो चेहरा मी जन्मभर बघत आले, कुणाला न सांगता." त्यांनी पडद्याकडे बोट केलं. "आणि खरा हा होता? एवढाच?"

"एवढाच," एव्हरार्ड म्हणाला.

"मग उगाच भ्याले की मी."

त्या रडत नव्हत्या, पण हात मांडीवर उघडे पडले होते आणि त्या स्वतःच्या बोटांकडे बघत होत्या. कॅमेरा लंडनला होता. एव्हरार्डला त्याची आठवणही झाली नाही. त्याला फक्त एक जाणून घ्यायचं होतं आणि ते त्याने विचारलं.

"चित्रात कशी दिसत होतात?"

मिसेस स्टॉरनी बराच विचार केला. "हात फार चांगले काढले होते त्याने. एकेका बोटावरची चिंधी, तिची गाठ, सगळं. मी सुरी लावली ती आधी हातांनाच. चेहऱ्यापाशी आले तेव्हा थांबले थोडी. त्यात मी थकलेली नव्हते, गरीब नव्हते. कामात होते. मला कामात असताना कुणी इतकं नीट बघितलंय, हे तेव्हाच कळलं, आणि मग ते पण खरवडलं."

मग त्यांनी नाक पुसलं आणि सरळ बसल्या.

"घाल तो आवाज. पण मला दाखवू नकोस. तुझाच चेहरा ठेव. लोकांनी मला बघायला नको, ऐकणाऱ्याला बघू देत."

"आणि खाली नाव काय लिहू? मिसेस विनिफ्रेड स्टॉर?"

"ती कापडवाल्याची बायको," त्या म्हणाल्या. "ती कधी उभी होती धक्क्यावर? विनी कॅस लिही. मासे चिरणारी."